हाराच्या फोटोसाठी बाबांचा एक सरळ फोटो सापडेना

कोयनाकाठ | १४ जून, रात्री ९:१२

बाबा गेले त्याला आज वीस दिवस झाले. सांत्वनाचे प्रतिसाद नकोत, फोनवर भरपूर झालेत. एक भलतीच गोष्ट डोक्यातून जात नाहीये म्हणून लिहितेय.

बाबा गेले त्याच संध्याकाळी भावकीतले एक काका म्हणाले, "एक चांगला फोटो काढून ठेवा. चौकात बॅनर लावायचाय, आणि एक फ्रेमला." घरात चार फोन. माझ्याच फोनमध्ये अकरा हजार फोटो, भावाकडे त्याहून जास्त. रात्री दोघं शोधत बसलो. बाबा शेकड्यांनी सापडले, पण कसे? सेल्फीच्या मागच्या रांगेत, अर्धा कान कापलेले. भाच्याच्या डोक्याआडून एक डोळा. लग्नाच्या चाळिसाव्या वाढदिवसाला आम्ही सगळे दात काढून, आणि बाबा भलतीकडेच बघतायत. त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही की सेल्फीत बघायचं कुठे. "बाबा, पडद्यावर नाही, वरच्या त्या भोकात बघा," असं म्हणेपर्यंत फोटो निघालेला असायचा.

शेवटी गेल्या दिवाळीतला एक मिळाला. आम्ही दोघंच, बाबा मस्त हसतायत. मला कापून स्टुडिओत पाठवला. प्रिंट आली. आईने बराच वेळ हातात धरली आणि म्हणाली, "ह्यांच्या गालावरचा तीळ कुठाय?"

तीळ नव्हता. माझ्या फोनचा ब्यूटी मोड चालू होता, त्याने पुसला. भांगही उलट्या बाजूला पडलेला. बहात्तर वर्षांचा माणूस, एसटीत तीस वर्षं उन्हातान्हात काढलेला, आणि फोटोत पेढ्यासारखा गुळगुळीत. आईने प्रिंट पालथी घालून कपाटावर ठेवली. बॅनरला शेवटी आधार कार्डावरचा फोटो वापरला. त्यात सगळेच फरार दिसतात तसे बाबाही दिसत होते, पण निदान तीळ होता.

तो मोड मी माझ्यासाठी लावलेला. तीन वर्षांत एकदाही बंद केला नाही. म्हणजे माझ्या चेहऱ्यावरचं काय काय गेलंय ते मलाच माहीत नाही, आणि माझ्याबरोबर जो जो फोटोत आला त्याचंही गेलं.

तर विचारायचंय: तुमच्या माणसांचा, तुमचा स्वतःचा, दुसऱ्या कुणीतरी समोर उभं राहून काढलेला शेवटचा फोटो कधीचा आहे?

---

तिरकस_रेघ | १४ जून, रात्री ९:३१

आधारचा फोटो हा या देशातला शेवटचा प्रामाणिक फोटो आहे.

---

जुनाखोड | १४ जून, रात्री ९:५०

आजकालच्या पिढीला स्वतःच्या थोबाडापलीकडे काही दिसत नाही. देवळात सेल्फी, जेवताना सेल्फी, स्मशानात सुद्धा सेल्फी. आमच्या वेळी वर्षातून एक फोटो, तोही फडक्यात गुंडाळून ठेवायचो.

---

तिरकस_रेघ | १४ जून, रात्री ९:५४

काका, मतदानाच्या दिवशी शाईच्या बोटासकट थोबाड तुम्हीच टाकलेलं ना? सात वेगवेगळ्या कोनांतून?

---

उजेडवाला | १४ जून, रात्री ११:०५

ताई, माझा तालुक्याच्या गावी स्टुडिओ आहे, एकतीस वर्षं झाली. महिन्याला पंधरा-वीस तरी अशी गिऱ्हाइकं येतात. मयताचा फोटो, आणि हातात कापलेला सेल्फी. बाजूला कुणाचा तरी अर्धा खांदा, गळ्यात कुणाचा तरी हात. तो हात काढायचा, त्या जागी शर्ट रंगवायचा, हे आमचं कामच होऊन बसलंय.

तीळ आणि भांगाचं तुम्ही लिहिलंत. नाकाचंही सांगतो. हातभर अंतरावरून फोटो काढला की नाक मोठं येतं आणि कान मागे जातात. लोकांना वाटतं लेन्सचा दोष. लेन्सचा नाही, अंतराचा. जे जवळ ते मोठं, एवढा साधा हिशोब. अमेरिकेतल्या डॉक्टरांनी २०१८ साली हे मोजून काढलं होतं: बारा इंचांवरून काढलेल्या फोटोत नाक पाच फुटांवरच्या फोटोपेक्षा साधारण तीस टक्के रुंद दिसतं. आमच्या धंद्यात हे पहिल्यापासून ठाऊक. चेहऱ्याचा फोटो पाच-सहा फुटांवरून, ८५ मिलिमीटरची लेन्स लावून. तेवढ्या अंतरावरून माणूस माणसाला बघतो. फुटावरून फक्त आई बाळाला बघते, नाहीतर दाढ बघणारा डॉक्टर.

पण फोनला एकट्याला शिव्या नका देऊ. माझ्या कंप्युटरवर आजमितीला चाळीसेक कोट आहेत. निळे, काळे, चॉकलेटी. फेटे वेगळे. जन्मभर बंडी घातलेल्या शेतकऱ्याला मेल्यावर पोरं कोट-टाय घालून घेतात. मी विचारतो, "घालत होते का?" म्हणतात, "नाही, पण बरं दिसतं." त्याआधी पडदा होता. काश्मीरचा तलाव, ताजमहाल, स्टुलावर तार नसलेला टेलिफोन. कानाला रिसीव्हर लावून फोटो काढलेल्या निम्म्या लोकांनी तोवर फोनवर कुणाशी बोललेलं नसायचं.

---

शेंगदाणा | १५ जून, सकाळी ८:२०

कोयनाकाठ, वाचून कसंतरी झालं. पण दुसऱ्याने काढलेला फोटो तेवढा खरा आणि सेल्फी खोटा, हे मला पटत नाही.

मी चोवीस वर्षांची, सावळी. सावळी म्हणजे लोक "नाकीडोळी नीटस आहे हो" म्हणतात ती सावळी. एकविसाव्या वर्षी मावशी मला एका स्टुडिओत घेऊन गेली, दाखवायचा फोटो काढायला. फोटोग्राफरने मला काही विचारलं नाही, मावशीला विचारलं, "किती उजळ करू?" जसं चहात साखर किती. तो फोटो घेऊन जे लोक घरी आले त्यांच्यातल्या एका बाई चिवडा खाता खाता म्हणाल्या, "फोटोत उजळ वाटली होती." माझ्या समोर.

तर ते दादा समोर उभे राहून, पाच फुटांवरून, चांगल्या लेन्समधून मला बघत होते. आणि त्यांना मी दिसले नाही.

नंतर मी फोन घेतला. तोही गोरं करूनच देत होता, डब्यातून काढल्यापासून मोड चालूच. गोरं करणाऱ्या क्रीमने २०२० मध्ये नावातलं "फेअर" काढून "ग्लो" केलं, पण ते काम फोनने कधीच उचललं होतं. मी सेटिंग शोधून बंद केलं आणि दार लावून एका दुपारी सत्तर फोटो काढले. खिडकीजवळ, चार वाजताच्या उजेडात. पहिले साठ बकवास. मग एकात मी दिसले. गोरी नाही, उजळ नाही, जशी आहे तशी, आणि छान. तोच माझा डीपी आहे अजून. समोर कुणी नव्हतं म्हणूनच तो निघाला.

---

उजेडवाला | १५ जून, सकाळी ९:०२

खोटं नाही बोलणार. "किती उजळ करू" हे वाक्य मी पण हजारदा बोललोय. ते तुम्ही नसाल, पण तुमच्यासारख्या खूप होत्या. आधी विचारलं नाही तर गिऱ्हाईक परत पाठवायचं, म्हणून विचारायला लागलो. पोरीला विचारायचं मात्र कधी सुचलं नाही.

---

अधिकउणे | १५ जून, दुपारी १:४०

सवयीप्रमाणे थोडा इतिहास घुसवतो.

१८३९ साली फिलाडेल्फियात रॉबर्ट कॉर्नेलियस नावाच्या तरुणाने स्वतःचा फोटो काढला. घरचा धंदा दिव्यांचा. केस विस्कटलेले, चौकटीत जरा बाजूला सरकलेला. सेल्फी हा शब्द ऑक्सफर्ड डिक्शनरीने २०१३ मध्ये वर्षाचा शब्द म्हणून निवडला, तेव्हा या माणसाचा फोटो सगळीकडे फिरला.

पण मला जास्त आवडतो तो पुढच्याच वर्षीचा, हिप्पोलित बायार या फ्रेंच माणसाचा. फोटोग्राफीची स्वतःची पद्धत याने शोधली होती, पण सरकारने सगळा मान दागेर या दुसऱ्या फ्रेंच संशोधकाला दिला. मग १८४० साली बायारने स्वतःचाच उघडा-बंब फोटो काढला, डोळे मिटून, भिंतीला कललेला. मागे लिहिलं की हे बायारचं प्रेत आहे, सरकारने काही दिलं नाही म्हणून बिचाऱ्याने पाण्यात जीव दिला. गडी त्यानंतर पंचेचाळीसहून जास्त वर्षं जगला. म्हणजे फोटोग्राफी जगापुढे येऊन धड दोन वर्षं झाली नव्हती, तेवढ्यात माणसाने तिच्यातून स्वतःबद्दल पहिली थाप मारून घेतली.

आपल्याकडे त्रिपुराचे महाराज वीरचंद्र माणिक्य यांनी १८८० च्या सुमारास राणी मनमोहिनींना जवळ घेऊन फोटो काढला, कॅमेऱ्याची कळ लांबून ओढून. जयपूरचे सवाई रामसिंह तर कधी राजा, कधी शिवभक्त अशा वेशांत स्वतःचे फोटो काढत बसायचे. दोघांनाही कुणी आत्ममग्न पिढी म्हटल्याचं ऐकिवात नाही. सांगायचा मुद्दा, सोंग जुनंच आहे. कोयनाकाठ यांच्या गोष्टीत नवं आहे ते वेगळंच: सोंग आपण स्वतःसाठी घेतलं आणि शेजारी बसलेल्या बापालाही न विचारता चढवलं. कॉर्नेलियसच्या फोटोत फक्त कॉर्नेलियस होता.

---

तिरकस_रेघ | १५ जून, दुपारी १:५८

थोडक्यात, सरकारवर रुसून "मी गेलो" अशी पोस्ट टाकणारा पहिला माणूस १८४० चा. लाइक किती आले?

---

घाटपायथा | १५ जून, रात्री १०:१५

बुडालेल्या माणसाच्या विनोदावर हसलो, मग हसू गेलं. पावसाळ्यात आम्ही काही जण दोर घेऊन दऱ्यांत उतरतो, पडलेल्यांना काढायला. त्यामुळे धागा जरा उदास करतोय, माफी.

२०१८ मध्ये भारतातल्याच डॉक्टरांचा एक अभ्यास आला होता. २०११ ते २०१७ या काळात जगभरात सेल्फीपायी गेलेले २५९ जीव त्यांनी बातम्यांतून मोजले. सगळ्यात जास्त भारतातले, सगळ्यात जास्त बुडून. त्याआधी २०१६ च्या जानेवारीत वांद्र्याला बँडस्टँडवर एक मुलगी बुडाली, तेव्हा मुंबई पोलिसांनी शहरातल्या धोक्याच्या जागा ठरवून तिथे सेल्फीबंदी केली. जुलै २०२४ मध्ये माणगावजवळ कुंभे धबधब्यावर रील करताना एक तरुणी साधारण तीनशे फूट खाली गेली. वर काढली, पण वाचली नाही.

लोक प्रतिक्रिया देतात, "मस्ती आली होती." मी तसं म्हणणं सोडलं. उभं राहून बघितलंय, होतं असं: माणूस दरीकडे पाठ करतो. नजर स्क्रीनवर. स्क्रीनवर दरी दिसते, ढग दिसतात, पाय दिसत नाहीत. चौकटीत अजून थोडा धबधबा यावा म्हणून अर्धं पाऊल मागे. शेवाळलेल्या कातळावर अर्धं पाऊल पुरतं.

आता तर सगळ्या कड्यांवर रांगा असतात. एकाच दगडावर, एकाच पोझमध्ये, हात पसरून पाठमोरं. आधीच्याने काढला तसाच पुढच्याला हवा असतो. दरीकडे त्या रांगेतलं कुणी बघत नाही, नंबर कधी येतो ते बघतात.

कोयनाकाठ ताई, तुमचा प्रश्न वाचल्यापासून एक गोष्ट डोक्यात आहे. समोर फोटो काढणारा असता तर तो पहिलं काय म्हणाला असता? "अरे, मागे नको सरकू."

---

संपादक मंडळ | १५ जून, रात्री ११:३०

पुढाऱ्यांच्या सेल्फींवरचे पाच प्रतिसाद उडवले आहेत. त्यासाठी वेगळा धागा काढावा.

---

बर्फातली_मोगरी | १६ जून, पहाटे ५:१०

मिशिगनमधून. इथे चौदा वर्षं झाली.

आरसा आणि फोटो यावर अमेरिकेत १९७७ साली एक गमतीशीर प्रयोग झाला होता. बायकांना स्वतःचे दोन फोटो दाखवले, एक सरळ, एक आरशासारखा उलटा. बहुतेकींनी आरशातला पसंत केला. त्यांच्या मैत्रिणींनी मात्र सरळ. ज्याला जे रोज दिसतं ते त्याला बरं वाटतं, एवढंच. म्हणून पुढच्या कॅमेऱ्यात आपण आपल्याला बऱ्या दिसतो. कोयनाकाठ, तुझ्या आईने चाळीस वर्षं सरळ बाजूने बघितलं, तिला उलटा भांग खटकणारच.

पण मी लिहितेय ते दुसऱ्याच कारणासाठी. दोन वर्षांपूर्वी मे महिन्यात माझी नोकरी गेली. त्याच आठवड्यात इथल्याच हॉलंड गावात ट्युलिपचा उत्सव होता. मी गेले, पिवळा कुर्ता घालून सोळा फोटो काढले आणि घरच्या ग्रुपवर टाकले. कुणाला काही कळू द्यायचं नव्हतं म्हणून एवढ्या लांब गाडी मारून गेले होते खरं तर. हृदयं, फुलं, "किती गोड", "मज्जा आहे बाई तुमची". चुलतभावाने तर "आमच्या नशिबी कुठलं" असंही लिहिलं.

सांगलीहून आईचा फोन आला. म्हणाली, "सोळाच्या सोळा फोटोत चष्मा नाहीये. काय झालंय?"

मी रडले की चष्मा काढून ठेवते. लहानपणापासून. मला स्वतःला हे माहीत नव्हतं.

जाता जाता: नॉर्वेत २०२१ मध्ये कायदा केलाय, जाहिरातीतल्या फोटोत शरीर किंवा त्वचा बदलली असेल तर तसा शिक्का मारावा लागतो. आमच्या घरच्या ग्रुपला लावला तर निम्मे लोक गप्प होतील, आणि पहिली मी.

---

शेंगदाणा | १६ जून, सकाळी ७:४५

मोगरीताई, 🙏 आमच्याकडे लग्नाच्या ग्रुपवर आता थेट लिहितात, "फिल्टर नसलेला फोटो पाठवा." पाठवला की म्हणतात, "जरा उजेडात काढलेला नाही का?"

---

जुनाखोड | १६ जून, सकाळी १०:२०

काल रात्री आमच्या हिचा फोटो शोधला. दुसऱ्या कुणी काढलेला शेवटचा २०११ चा निघाला, मुलाच्या लग्नातला. आज सकाळी गॅलरीत उभी करून एक काढला. "आत्ता? केस बघा माझे," म्हणाली. काढला. जरा हलला आहे. बोट शाईचं नव्हतं, याची तिरकस यांनी नोंद घ्यावी.

---

कोयनाकाठ | २२ जून, रात्री १०:०३

सगळे प्रतिसाद आईला वाचून दाखवले. शेंगदाणाचा दोनदा वाचायला लावला. "ही पोरगी बरोबर बोलते," म्हणाली आणि मग स्वतःच्या लग्नाआधीच्या फोटोबद्दल एक गोष्ट सांगितली, ती इथे लिहायला तिची परवानगी नाही.

रविवारी भाच्याने बाबांचा फोन उघडला. लॉकचा नमुना त्याला ठाऊक होता, इंग्रजी एल. आम्हाला वाटलं होतं आत सुप्रभात आणि विठ्ठलाचे फोटो असतील. होतेच. पण मध्येच फेब्रुवारीतल्या एका दुपारचे अडतीस सेल्फी निघाले. कपाळ. पंखा. अंगठा. नाकाचा शेंडा आणि मागे कॅलेंडर. पांढरा शर्ट, इस्त्रीचा, खिशाला पेन. प्रत्येकात नजर भलतीकडे, कारण भोक सापडत नव्हतं.

आईला विचारलं. एसटीच्या निवृत्त लोकांच्या ग्रुपवर सगळ्यांनी स्वतःचे फोटो लावले होते. ह्यांचा विठ्ठल. कुणीतरी चेष्टा केली, "पांडुरंगा, तू कुठल्या डेपोचा?" म्हणून त्या दिवशी शर्ट घालून बसले होते. जमेना तेव्हा आईला म्हणाले, तू काढ. आई म्हणाली, "मला नाही जमत त्यातलं, पोरं येतील तेव्हा काढतील."

पोरं पाडव्याला आली. दोन दिवस राहिली, खूप सेल्फी काढले. बाबांनी आम्हाला सांगितलं नाही. आम्ही विचारलं नाही.

पण अडतिसावा सेल्फी नाहीये. आई नाही जमत म्हणाली खरी, पण एकदा कळ दाबली होती, तिला ते आठवतही नव्हतं. कोपऱ्यात तिचा अंगठा आलाय, फोटो थोडा कललाय. पाच-सहा फूट अंतर असेल. बाबा खुर्चीत, सरळ तिच्याकडे बघतायत, जरा वैतागलेले, "दाब की" असं म्हणत असतील. भांग बरोबर बाजूला. तीळ आहे.

मूळ फाइल उजेडवाला दादांना पाठवलीय.

---

उजेडवाला | २३ जून, सकाळी ९:४०

मिळाली ताई. बारा बाय पंधरा होईल, त्याहून मोठा केला तर फाटेल. कललेला सरळ केला. चेहऱ्याला हात लावलेला नाही. दोन गोष्टी विचारायच्यात: अंगठा काढू का? आणि कोट?

---

कोयनाकाठ | २३ जून, सकाळी १०:१५

आई म्हणते, कोट घातला नाही ह्यांनी कधी, आता कुठे निघालेत. पेन दिसू दे. अंगठ्याचं काही बोलली नाही, नुसती हसली. राहू द्या.

पैसे किती पाठवू?

---

उजेडवाला | २३ जून, सकाळी १०:२२

उद्याच्या कुरियरने टाकतो. आधी आईंना दाखवा, मग पैशाचं बोलू.